गाडी कोणी पाडली?

१९ ऑगस्ट १९२८, रविवार. इंग्लंडच्या हॅम्पशायर परगण्यात, लॅशम गावाजवळ, शेतांमधून जाणाऱ्या एकेरी रेल्वेमार्गाच्या फाटकात वाफेवर चालणारी एक फोडन लॉरी रुळांवर आडवी लावून ठेवली होती. माल म्हणून तिच्यात नुसतं वजन भरलेलं. ती बाजूला घ्यायची कोणालाच घाई नव्हती. वेगवेगळ्या कोनांतून तिच्यावर २२ कॅमेरे रोखलेले होते आणि जमलेली सगळी माणसं गाडीची वाट पाहत होती.

गाडी सदर्न रेल्वेची होती. १४८ क्रमांकाचं इंजिन एकोणिसाव्या शतकातल्या घडणीचं, मागचे प्रवासी डबेही मोडीत निघायच्या वयाचे. ड्रायव्हरनं वाफ सोडली, गाडीनं वेग धरला तशी खाली उडी टाकली आणि बिनमाणसांची ती गाडी उतारावरून फाटकाकडे सुटली. लॉरीचे तुकडे उडाले. इंजिन रूळ सोडून कोसळलं आणि मागचे डबे एकमेकांवर चढले. एवढा खटाटोप पडद्यावरच्या काही क्षणांसाठी होता आणि तो दुसऱ्यांदा करून पाहण्याची सोय नव्हती. २२ कॅमेरे लावले होते ते त्यासाठीच.

चित्रपटाचं नाव ‘द रेकर’, म्हणजे गाड्या पाडणारा. लंडनची गेन्सबरो पिक्चर्स आणि एक जर्मन कंपनी यांची ही भागीदारीतली निर्मिती. दिग्दर्शक हंगेरीचे गेझा फॉन बोल्वारी, प्रमुख भूमिकांत कार्लाइल ब्लॅकवेल आणि बेनिटा ह्यूम. १९२९ मध्ये तो प्रदर्शित झाला. एका रेल्वे कंपनीच्या गाड्या एकामागून एक अपघातात सापडतात, लोक रेल्वेच्या प्रवासाला घाबरू लागतात आणि या अपघातांमागे कोणाचा तरी हात असल्याचा संशय बळावतो. तरुण रॉजर डॉइल आणि मेरी शेल्टन माग काढत जातात तेव्हा उलगडा होतो, की गाड्या पाडण्यामागे एका मोटारबस कंपनीचा स्वार्थ आहे. रेल्वे बदनाम झाली की प्रवासी आपोआप बसकडे वळतील, असा हा सरळ व्यापारी हिशेब.

आज हे कथानक जरा बालिश वाटेल. पण १९२८ च्या इंग्रज प्रेक्षकाला त्यातला बसवाला खलनायक ओळखीचा होता, कारण रोजच्या वर्तमानपत्रात त्याच भांडणाच्या बातम्या येत होत्या.

पहिलं महायुद्ध संपलं तेव्हा ब्रिटनमध्ये दोन गोष्टी एकदम मुबलक झाल्या. एक म्हणजे लष्करानं विकायला काढलेले ट्रक आणि दुसरी, युद्धात गाडी चालवायला शिकून घरी परतलेले तरुण. अनेकांनी स्वस्तात ट्रक घेतला, त्यावर बाकं बसवली आणि गावाच्या चौकातून तालुक्याच्या बाजारापर्यंत फेऱ्या सुरू केल्या. स्टेशन गावापासून दोन मैलांवर, बस मात्र दारात. रेल्वेला स्वतःचा मार्ग, पूल, सिग्नल, फाटकवाले सगळं स्वतः पोसावं लागायचं. बसवाल्याला सार्वजनिक रस्ता आयता मिळत होता. १९२३ पासून ब्रिटनमधल्या बहुतेक रेल्वे कंपन्या एकत्र करून चार मोठ्या कंपन्या करण्यात आल्या होत्या. या चौघींनी सरकारकडे आग्रह धरला, की आम्हालाही रस्त्यावर गाड्या चालवू द्या. तशी परवानगी देणारे कायदे १९२८ च्या ऑगस्टमध्येच मंजूर झाले, म्हणजे लॅशमच्या फाटकात ती लॉरी आडवी लावली त्याच महिन्यात.

घातपाताची भीतीही हवेतून आलेली नव्हती. मे १९२६ च्या सार्वत्रिक संपात नॉर्थम्बरलंडमधल्या क्रॅमलिंग्टनजवळ संपावरच्या खाणकामगारांनी रूळ उखडला आणि एडिनबरोहून लंडनला निघालेली ‘फ्लाइंग स्कॉट्समन’ घसरली. प्राण कोणाचे गेले नाहीत. आठ खाणकामगार तुरुंगात गेले. पुढल्या वर्षी, २४ ऑगस्ट १९२७ रोजी, सदर्न रेल्वेचीच एक गाडी सेव्हनओक्सजवळ रुळावरून उतरली आणि १३ प्रवासी दगावले. या अपघातात कोणाचा डाव नव्हता. चौकशीचा निष्कर्ष असा, की त्या जातीचं इंजिन तसल्या कच्च्या मार्गावर वेगात डोलायला लागतं. सेव्हनओक्सच्या आठवणी ताज्या असताना सदर्न रेल्वेनं सिनेमावाल्यांना पाडायला म्हणून अख्खी गाडी काढून दिली, याचं नवल वाटतं. जुनं सामान खपलं हा फायदा होताच. शिवाय कथेत रेल्वे निर्दोष आणि बसवाला गुन्हेगार होता. कंपनीला अशी फुकटची वकिली मिळत असेल तर भंगारात निघालेलं इंजिन काही महाग नव्हे.

‘द रेकर’चं मूळ एका नाटकात आहे. अरनॉल्ड रिडली आणि बर्नार्ड मेरिवेल यांनी ते लिहिलं होतं. रिडली हा बाथ शहरातला माणूस. सॉमच्या लढाईत जबर जखमी होऊन परतलेला नट. ब्रिस्टलजवळच्या मँगॉट्सफील्ड जंक्शनवर त्याला एकदा बराच वेळ ताटकळावं लागलं. स्टेशन जवळजवळ ओसाड होतं. जवळच्या दुसऱ्या मार्गावरून गाड्यांचा आवाज अंगावर यायचा, फलाटावर मात्र गाडी दिसायची नाही. त्या अनुभवातून त्यानं ‘द घोस्ट ट्रेन’ हे नाटक लिहिलं. कॉर्नवॉलमधल्या एका आडबाजूच्या स्टेशनवर रात्री अडकलेले प्रवासी आणि तिथून जाणारी भुताची गाडी, असा त्याचा विषय. १९२५ मध्ये लंडनला आलेल्या या नाटकाचे साडेसहाशेंहून अधिक प्रयोग झाले.

रंगभूमीवर गाडी दाखवता येत नाही, म्हणून ती ऐकवायची. पडद्यामागे माणसं ठरलेल्या क्रमानं कामाला लागत. फळ्यांवर खिळलेल्या पट्ट्यांवरून बागेतला लोखंडी रोलर ढकलला की चाकांचा खडखडाट व्हायचा. जोडीला पत्र्याचा गडगडाट, ढोल आणि शिट्टी. प्रेक्षक अंधारात बसून न दिसणारी गाडी पाहायचे. रिडलीच्या नाटकांची खरी करामत ही होती. बोल्वारीनं १९२७ मध्ये ‘घोस्ट ट्रेन’चा मूकपट केला तेव्हा गणित उलटं झालं. आता गाडी दाखवता येत होती, पण ऐकवता येत नव्हती. मग ती इतकी जवळून आणि इतकी खरी दाखवायची, की आवाजाची आठवण होऊ नये. ‘द रेकर’मध्ये तर खरी गाडीच पाडली. दुर्दैव असं, की तो पडद्यावर आला तोवर बोलपटांची लाट आली होती आणि मूकपटांचा बाजार उठत होता.

पडद्यावर रेल्वेची भीती दाखवायची कल्पना मात्र इंग्रजांची नव्हती. सिनेमा आणि आगगाडी अगदी सुरुवातीपासून एकत्र आहेत. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं पहिल्यांदा दाखवली गेली, त्यांतही स्टेशनात शिरणारी गाडी होतीच. अमेरिकेत १९०३ च्या ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’नं गाडीवरचा दरोडा दाखवला. १९१४ पासून ‘द हॅझर्ड्स ऑफ हेलन’ ही मालिका सुरू झाली. तारऑफिसात बसणारी एक मुलगी धावत्या गाडीच्या टपावर चढते, सुटलेले डबे थांबवते, दरोडेखोरांना पकडते. अशा शंभराहून अधिक कथा त्या मालिकेत झाल्या. त्याच वर्षी पर्ल व्हाइटची ‘द पेरिल्स ऑफ पॉलिन’ आली. या मालिका जहाजांतून मुंबईला यायच्या आणि इथली पोरं त्या डोळे फाडून पाहायची.

त्या वेडातून ज्यांनी पुढे धंदा उभारला त्यांत जमशेद वाडिया, म्हणजे जे. बी. एच. वाडिया, हे नाव ठळक आहे. अठराव्या शतकात मुंबईच्या गोदीत जहाजं बांधणाऱ्या लवजी वाडियांचं हे घराणं. जमशेदजी उच्चशिक्षित, डग्लस फेअरबँक्सचे भक्त. त्यांचा धाकटा भाऊ होमी त्यांच्याहून दहा वर्षांनी लहान. १९३३ मध्ये दोघांनी वाडिया मूव्हिटोन काढली. परळच्या लवजी कॅसलमध्ये, म्हणजे भर गिरणगावात, त्यांचा स्टुडिओ थाटला आणि कंपनीच्या बोधचिन्हात पूर्वजांचं जहाज आलं.

या स्टुडिओत १९३५ च्या सुमारास मेरी इव्हान्स नावाची बाई आली. जन्म १९०८, ऑस्ट्रेलियातल्या पर्थचा. वडील ब्रिटिश सैनिक, ते पहिल्या महायुद्धात गेले; आई ग्रीक. बालपण मुंबईत, मग काही वर्षं पेशावरकडे. घोडेस्वारी आणि नेमबाजी ती सरहद्दीवर शिकली. नंतर मुंबईत दुकानात विक्रेती झाली, रशियन नृत्यशिक्षिकेच्या पथकात नाचली, सर्कशीत कसरती केल्या. ज्योतिषाच्या सल्ल्यानं नाव घेतलं नादिया. वाडियांनी तिला नंदादेवी व्हायला आणि खोटी वेणी लावायला सुचवलं, तेव्हा तिनं साफ नकार दिला. गोऱ्या कांतीची, सोनेरी केसांची आणि अडखळत हिंदी बोलणारी ही बाई चालेल का, याची वितरकांना धाकधूक होती. १९३५ च्या ‘हंटरवाली’नं ती मिटवली. पुढच्याच वर्षी, होमी वाडियांच्याच दिग्दर्शनाखाली, ‘मिस फ्रंटियर मेल’ आला.

ज्या गाडीच्या नावावर हा चित्रपट बेतला ती त्या काळी देशातली दिमाखदार गाडी होती. मुंबईहून पेशावरला जाणारी ‘पंजाब मेल’ जीआयपी रेल्वेची. तिला टक्कर म्हणून बीबी अँड सीआय रेल्वेनं १ सप्टेंबर १९२८ पासून ‘फ्रंटियर मेल’ सोडली, लॅशमचा अपघात चित्रित झाल्यानंतर तेराव्या दिवशी. विलायतेहून टपालबोट आली की साहेब मंडळी बॅलार्ड पिअरवर उतरायची आणि तिथूनच गाडीत बसायची. बडोदा, रतलाम, दिल्ली, लाहोर करत ती सरहद्दीपर्यंत जायची. १९३४ मध्ये तिच्या एका डब्याला गारवा देण्यासाठी खाली बर्फाच्या लाद्या ठेवण्याची व्यवस्था झाली आणि वाटेतल्या स्टेशनांवर त्या बदलल्या जात. ज्यांना त्या डब्याचं तिकीट कधीच परवडणार नव्हतं त्यांनाही ‘फ्रंटियर मेल’ म्हटलं की वेग आणि रुबाब डोळ्यांपुढे यायचा. वाडियांना हवं होतं ते एवढंच. चित्रपटात ‘मिस फ्रंटियर मेल’ हे नायिकेला पडलेलं नाव आहे.

तिचं खरं नाव सविता. शिकार, टेनिस आणि मोटार पळवणं हे तिचे छंद. नव्या धाटणीच्या घरात ती आखूड पोशाखात व्यायाम करताना दिसते आणि कॅमेरा त्याबद्दल कसलाही संकोच दाखवत नाही. वडील रेल्वेच्या नोकरीत. स्टेशनमास्तरचा खून होतो आणि आळ त्यांच्यावर येतो. मागे असतो ‘सिग्नल एक्स’ नावाचा बुरखाधारी. त्याची टोळी रेल्वेवर घातपात करते आहे. वडिलांना सोडवायचं तर सिग्नल एक्सचा बुरखा फाडायला हवा, म्हणून सविता टोळीच्या मागे लागते. धावत्या गाडीच्या टपावर मारामाऱ्या होतात, धिप्पाड पुरुष डोक्यावर उचलून फेकले जातात. टोळीत एक बाई आहे, तिच्याशीही सविताची झुंज होते. बुरख्यामागे कोण, हे इथे सांगत नाही. चित्रपट पाहायला मिळतो, तेव्हा उलगडा तिथेच व्हावा. हेतू मात्र सांगायला हरकत नाही. सिग्नल एक्सचे धनी विमान कंपनीवाले आहेत. लोकांचा आगगाडीवरचा विश्वास उडाला की ते विमानाकडे वळतील, हा त्यांचा हिशेब.

म्हणजे इंग्लंडमधली बस मुंबईत येऊन विमान झाली. होमी वाडियांनी ‘द रेकर’ पाहिला होता असं म्हणायला आधार नाही आणि तशी गरजही नाही. रेल्वेला प्रतिस्पर्धी उभा राहिला की कोणत्याही कथालेखकाला ही गोष्ट सुचावी. हिंदुस्थानातही रेल्वेचं उत्पन्न मोटारबस खात होती. रस्ते आणि रेल्वे यांच्या स्पर्धेची सरकारनं मिचेल आणि कर्कनेस या दोन अधिकाऱ्यांकडून पाहणी करवली, तिचा अहवाल १९३३ चा. पण बसमध्ये मुंबईच्या प्रेक्षकाला काय अप्रूप? त्याला अप्रूप विमानाचं. १५ ऑक्टोबर १९३२ रोजी जे. आर. डी. टाटांनी कराचीहून टपाल घेऊन विमान उडवलं आणि अहमदाबादमार्गे जुहूला उतरवलं, ही गोष्ट ताजी होती. विमानाचं तिकीट काढणारी माणसं देशात मूठभर होती, तरी उद्याचं वाहन हेच, अशी चर्चा होती. वाडियांनी उद्याच्या वाहनाला खलनायकाच्या बाजूला बसवलं आणि आजच्या गाडीची राखण नादियावर सोपवली.

या चित्रपटातली माझी आवडती जागा वेगळीच आहे. सविताचा भाऊ जयंत हा हौशी सिनेमावाला. सतत कॅमेरा घेऊन फिरणारा, जरा वल्ली. सगळे त्याला हसतात. पण टोळीची कृष्णकृत्यं त्याच्या कॅमेऱ्यात सापडतात आणि गुन्हा सिद्ध व्हायला त्या फिल्मची मदत होते. भुताटकी नाही, योगायोग नाही. पुरावा सिनेमानं दिला. १९३६ च्या मुंबईत, जिथे सिनेमात काम करणं अजून चांगल्या घरांत कमीपणाचं समजलं जायचं, तिथे वाडियांनी आपल्या धंद्याची अशी बाजू मांडली होती. जयंतचं काम करणारा जयदेव हा पोरगेला नट पुढे संगीतकार झाला आणि ‘हम दोनों’च्या चालींनी घराघरांत पोचला.

१९३६ मध्येच इंग्लंडमध्ये ‘सेव्हन सिनर्स’ नावाचा चित्रपट आला. त्यातही घातपातानं गाड्या पडतात आणि एक अमेरिकन गुप्तहेर माग काढतो. मात्र त्यातला अपघात नवा नव्हता. लॅशमला टिपलेली ‘द रेकर’ची दृश्यंच त्यात पुन्हा वापरली होती. पटकथाकार सिडनी गिलियट आणि फ्रँक लाँडर या जोडीच्याच पटकथेवर दोनच वर्षांनी हिचकॉकनं ‘द लेडी व्हॅनिशेस’ काढला आणि आगगाडीतल्या गूढपटाचा कळस गाठला. त्यात गाडी पडत नाही, गाडीतली एक म्हातारी नाहीशी होते. गाडी पाडण्यापेक्षा गाडीतल्या माणसांना एकमेकांच्या संशयात बसवून ठेवणं अधिक थरारक आणि शिवाय स्वस्त, हे एव्हाना इंग्रज सिनेमावाल्यांना कळलं होतं.

मुंबईचा रस्ता तसा गेला नाही. इथे प्रेक्षकाला नादिया गाडीच्या टपावर हवी होती आणि वाडियांनी ती मागणी वर्षानुवर्षं पुरवली. ‘मिस फ्रंटियर मेल’, ‘पंजाब मेल’ अशी नुसती नावं पाहिली तरी रेल्वे या स्टंटपटांत किती मुरली होती ते कळतं. समीक्षकांनी या चित्रपटांना फार किंमत दिली नाही. पिटातल्या प्रेक्षकाला त्याचं सोयरसुतक नव्हतं. गिरणीत दिवसभर यंत्रापुढे उभं राहून आलेल्या माणसाला पडद्यावर यंत्राच्या डोक्यावर चढून नाचणारी बाई दिसत होती, तेवढ्यावर तिकिटाचे पैसे वसूल.

या सगळ्यात एक गोष्ट हिंदी पडद्यावर येऊच शकत नव्हती. इंग्लंडमध्ये रेल्वेचा शत्रू धंद्यातला होता. हिंदुस्थानात रेल्वे सरकारची ताकद वाहत होती. फौज, खजिना आणि व्हाइसरॉय तिच्यातूनच हलायचे. ९ ऑगस्ट १९२५ रोजी काकोरीला क्रांतिकारकांनी गाडी थांबवून सरकारी पैसा लुटला. २३ डिसेंबर १९२९ रोजी दिल्लीजवळ लॉर्ड आयर्विन यांच्या गाडीखाली बॉम्बचा स्फोट झाला. आयर्विन बचावले. गांधीजींनी या कृत्याचा कडक निषेध केला, पण अनेक तरुणांच्या मनात ते करणारे वीर होते. म्हणजे देशातला निम्मा प्रेक्षक असा, की गाडीखाली बॉम्ब ठेवणाऱ्याचं नाव त्यानं खलनायकांच्या यादीत घातलं नसतं.

मुंबईच्या सेन्सॉर मंडळाच्या माथ्यावर पोलीस कमिशनर असायचा. रेल्वे उडवणारा देशभक्त पडद्यावर दाखवणं सोडाच, त्याचा उल्लेखही कापला गेला असता. जमशेदजी राष्ट्रीय विचारांचे, पुढे मानवेंद्रनाथ रॉय यांच्या गोटातले. आपल्या स्टंटपटांत ते स्वातंत्र्याच्या, जुलमाविरुद्ध उठण्याच्या सूचना पेरून ठेवत. पण रूळ उखडण्याच्या प्रसंगाला त्यांना राजकारणाचा स्पर्शही होऊ देता येत नव्हता. विमान कंपनी हा त्यावरचा सुरक्षित तोडगा ठरला, असं माझं मत आहे. घातपात दाखवायचा, स्फोट दाखवायचा, थरार पुरवायचा आणि हेतू मात्र निव्वळ पैशाचा ठेवायचा. सेन्सॉरला बोट ठेवायला जागा नाही. प्रेक्षकालाही अवघड प्रश्न नाही, कारण नफेखोराचा पराभव झालेला सगळ्यांनाच हवा असतो. इंग्रज लेखकाला धंद्यातला खलनायक बातम्यांतून मिळाला. मुंबईच्या लेखकापुढे दुसरा खलनायक उभा करायची मुभाच नव्हती.

१९४२ मध्ये हा आडपडदा पडद्याबाहेर गळून पडला. ‘चले जाव’च्या ऑगस्टमध्ये देशभर रूळ उखडले गेले, तारा तोडल्या गेल्या, स्टेशनं जाळली गेली. सातारा जिल्ह्यात प्रतिसरकार उभं राहिलं. त्याच्या तूफान सेनेनं ७ जून १९४३ रोजी शेणोलीजवळ सरकारी पगाराची रक्कम घेऊन जाणारी गाडी अडवून लुटली. गाडी अडवणारी ही माणसं बुरखाधारी नव्हती. गावातली होती, त्यांना गाव ओळखत होतं आणि लपवतही होतं. सिग्नल एक्सला पडद्यावर नादियानं पकडून दिलं तेव्हा ज्यांनी टाळ्या वाजवल्या असतील, त्यांतल्या काहींनी शेणोलीची बातमी ऐकूनही मनातल्या मनात टाळ्याच वाजवल्या असणार.

आणि ज्या धंद्याच्या भांडणावर हे चित्रपट उभे होते, त्याचं काय झालं? ‘द रेकर’ पडद्यावर आला त्याच १९२९ पासून ब्रिटनच्या रेल्वे कंपन्यांनी मोठमोठ्या बस कंपन्यांचे भाग विकत घ्यायला सुरुवात केली. पडद्यावरचा खलनायक आणि त्याचं सावज, दोघे व्यवहारात भागीदार झाले. लहान गावांच्या शाखामार्गांना त्याचा उपयोग झाला नाही. लॅशमवरून जाणारा बेसिंगस्टोक ते आल्टन हा मार्ग १९०१ मध्ये सुरू झाला होता. महायुद्धात त्याचे रूळ उखडले गेले, १९२४ मध्ये तो पुन्हा चालू झाला आणि १९३२ मध्ये त्यावरची प्रवासी वाहतूक बंद पडली. मालगाड्याही १९३६ मध्ये थांबल्या. तिथे कोणी सुरुंग लावला नव्हता की फिशप्लेट काढली नव्हती. प्रवासी एकेक करून बसकडे गेले आणि एके दिवशी गाडी चालवणं परवडेनासं झालं.

‘फ्रंटियर मेल’लाही कोणत्या विमान कंपनीनं पाडलं नाही. १९४७ मध्ये देशाची फाळणी झाली आणि गाडीची सरहद्दच परक्या देशात गेली. अमृतसर हे तिचं शेवटचं स्टेशन झालं. १९९६ मध्ये तिचं नाव बदलून ‘गोल्डन टेंपल मेल’ करण्यात आलं. वाडियांचा परळचा स्टुडिओ १९४२ मध्ये व्ही. शांताराम यांच्याकडे गेला आणि तिथे राजकमल कलामंदिर उभं राहिलं. होमी आणि नादिया यांनी १९६१ मध्ये लग्न केलं. जानेवारी १९९६ मध्ये, म्हणजे ‘फ्रंटियर मेल’चं नाव पुसलं गेलं त्याच वर्षी, नादिया वारली. अरनॉल्ड रिडली म्हातारपणी बीबीसीच्या ‘डॅड्स आर्मी’ मालिकेत प्रायव्हेट गॉडफ्री या गरीब स्वभावाच्या म्हाताऱ्याची भूमिका करून पुन्हा प्रसिद्ध झाला. १९८४ मध्ये वारला तोवर ‘घोस्ट ट्रेन’चे प्रयोग कुठे ना कुठे चालूच होते.

गूढपटाला गुन्हेगार लागतोच. सेव्हनओक्सला गाडी घसरली ती इंजिनाच्या डोलण्यानं आणि मार्गाच्या कच्चेपणानं, पण त्यावर चित्रपट काढला असता तर कोणी तिकीट काढलं नसतं. शाखामार्ग बंद पडतो तेव्हाही पकडायला कोणी सापडत नाही. अपघाताला चेहरा द्यायचं काम या चित्रपटांनी केलं आणि तो चेहरा त्या त्या देशात ज्याच्याकडे बोट दाखवणं परवडत होतं त्याचा होता. म्हणून जुना घातपाताचा चित्रपट पाहताना ‘गाडी कोणी पाडली’ यापेक्षा ‘कोणाचं नाव घेता येत नव्हतं’ हा प्रश्न जास्त कामाचा ठरतो.

हे दोन्ही चित्रपट नष्ट झाले नाहीत, ही भाग्याची गोष्ट. ‘द रेकर’ची डीव्हीडी २००९ मध्ये नील ब्रँड यांच्या नव्या पार्श्वसंगीतासह निघाली. ‘मिस फ्रंटियर मेल’ वाडिया कुटुंबानं सांभाळला. त्यांच्यातल्याच रियाद वाडियांनी १९९३ मध्ये नादियावर केलेल्या माहितीपटामुळे नव्या पिढीचं लक्ष तिच्याकडे गेलं. आपल्याकडे त्या काळातले बहुतेक चित्रपट जळून, विरघळून, भंगारात विकले जाऊन संपले. उरलेल्यांपैकी हा एक आहे, परळमध्ये तयार झालेला आहे आणि अजूनही रंगतो. संधी मिळाली तर जरूर पाहा, आणि शक्य झालं तर ‘द रेकर’च्या पाठोपाठ पाहा.